न झालेले सामने

हरलो तर निदान हिशोब मांडता येतो. पण खेळायची संधीच हिरावली गेली तर?

झाशीत मेजर ध्यानचंद यांचा टेकडीवरचा पुतळा पाहताना आपल्याला १९२८, १९३२ आणि १९३६ ची ऑलिम्पिक सुवर्णपदके आठवतात. बर्लिनला १७ जुलै १९३६ रोजी सरावाच्या सामन्यात आपला हॉकी संघ जर्मनीकडून ४-१ असा हरला होता, हे मात्र सहसा आठवत नाही. महिन्याच्या आतच, १५ ऑगस्टला, अंतिम सामन्यात त्याच जर्मनीवर त्यांनी ८-१ असा विजय मिळवला. पराभवाला उत्तर देता आले, कारण पुढचा सामना होता.

मग महायुद्ध आले. १९४० आणि १९४४ ची ऑलिम्पिक रद्द झाली. १९४० मध्ये ध्यानचंद पस्तीस वर्षांचे झाले. खेळाडूची ती वर्षे परत येत नाहीत. आपल्याही वाट्याला असे येतेच. घरच्या आजारपणात कुणाची उमेद सरते, आणि दोष द्यायला समोर कुणी नसते. ‘फळाची आस सोडा’ असे आपण सहज म्हणून जातो. पण अर्जुनापुढे निदान रणांगण तरी होते! रणांगणच नसेल तेव्हा साधना कशासाठी चालू ठेवायची? मला तरी हा प्रश्न अधिक अवघड वाटतो.

युद्ध संपल्यावर, १९४७-४८ मध्ये, बेचाळिशीतले ध्यानचंद पूर्व आफ्रिकेच्या दौऱ्यावर खेळायला गेले. तिथे ऑलिम्पिकचे पदक मिळणार नव्हते.