कुलूप नसलेले दार : साधन, सामर्थ्य आणि नैतिक कृती

कल्पित साहित्यातील अद्भुत साधनांचा विचार बहुधा संभाव्यतेच्या अंगाने केला जातो. असे साधन प्रत्यक्षात असू शकेल काय, हा प्रश्न तेथे अग्रभागी असतो. त्याहून मूलगामी प्रश्न नीतीचा आहे. एखाद्या साधनाने जग हवे तसे बदलता येऊ लागले, तर ते वापरणाऱ्याच्या कृतीला नैतिक मूल्य कितपत उरते? बीबीसीच्या 'डॉक्टर हू' या दूरचित्रवाणी मालिकेतील 'सॉनिक स्क्रूड्रायव्हर' या साधनाची वाटचाल या प्रश्नाच्या दृष्टीने उद्बोधक आहे.

मालिका १९६३ साली सुरू झाली. हे साधन तीत प्रथम आले ते १९६८च्या 'फ्युरी फ्रॉम द डीप' या कथेत. मुठीत मावणारे, ध्वनिलहरींनी स्क्रू सैल करणारे अवजार, एवढेच त्याचे मूळ रूप होते. मालिकेचा नायक, डॉक्टर, हा काळातून प्रवास करणारा आणि सहसा शस्त्र न बाळगणारा परग्रहवासी आहे. त्याच्या हाती बंदुकीऐवजी मिस्त्रीच्या पेटीतले अवजार देण्यात एक नैतिक विधान अनुस्यूत होते. शस्त्र मारते, अवजार उघडते. पुढे मात्र या अवजाराचे कार्यक्षेत्र विस्तारत गेले. कुलुपे उघडणे, यंत्रे चालविणे वा बंद पाडणे, अदृश्य गोष्टींचा वेध घेणे अशी अनेक कामे ते करू लागले. केवळ कंपनाच्या बळावर वास्तवात फेरफार करण्याची सत्ताच जणू त्याला प्राप्त झाली.

या सत्तेची अडचण निर्मात्यांच्याही लक्षात आली. १९८२च्या 'द व्हिझिटेशन' या कथेत हे साधन नष्ट करण्यात आले. त्यामुळे नायकाची संकटांतून फार सहज सुटका होते, असे तत्कालीन निर्माते जॉन नेथन-टर्नर यांचे मत होते. हा आक्षेप जुनाच आहे. कथानकाची उकल कथानकातूनच व्हावी, यंत्राने आणलेल्या देवतेकडून होऊ नये, असे ॲरिस्टॉटलने 'काव्यशास्त्रा'त म्हटले आहे. तथापि हा केवळ रचनेचा दोष नव्हे. जेथे अडथळा नाही तेथे निवड नाही, आणि जेथे निवडीची किंमत मोजावी लागत नाही तेथे सद्गुणाची कसोटीही लागत नाही. प्रत्येक दार आपोआप उघडत असेल, तर दार न फोडण्याचा संयम अर्थशून्य ठरतो. डॉक्टरची अहिंसा अशा वेळी मूल्य न राहता सोय होऊन बसते.

१९९६च्या दूरचित्रवाणी चित्रपटात हे साधन परतले आणि २००५पासूनच्या नव्या मालिकेत ते स्थिरावले. २००८च्या 'सायलेन्स इन द लायब्ररी' या कथेत त्याची एक मर्यादा स्पष्टपणे सांगितली गेली : लाकडावर ते चालत नाही. कथेच्या दृष्टीने ही मर्यादा उपयुक्त आहे; परंतु नीतीच्या दृष्टीने ती कोठे आहे, हे पाहिले पाहिजे. ती पदार्थात आहे. साधन कोणाच्या हाती आहे आणि त्याचा हेतू काय, याच्याशी लाकडाला कर्तव्य नाही.

'महाभारता'तील सौप्तिकपर्वाशी तुलना केल्यास हा मुद्दा अधिक स्पष्ट होतो. तेथील अस्त्रही ध्वनीशी, मंत्रोच्चाराशी, निगडित आहे. अश्वत्थामा आणि अर्जुन यांनी सोडलेली अस्त्रे परस्परांसमोर उभी ठाकतात, तेव्हा व्यास आणि नारद मध्ये पडतात. अर्जुन आपले अस्त्र आवरू शकतो. अश्वत्थाम्याला ते साधत नाही आणि त्याचे अस्त्र पांडवस्त्रियांच्या गर्भांवर जाते. येथे मर्यादा प्रयोगकर्त्याच्या अंगी आहे. अस्त्र सोडणे ही विद्या आहे. ते मागे घेणे ही आत्मसंयमाची सिद्धी आहे. आधुनिक साधनाला अशी अट ठाऊक नाही. ज्याच्या बोटाखाली कळ असेल त्याचे ते होते. म्हणूनच आधुनिक कल्पिताला मर्यादा शोधावी लागते ती लाकडात.

२०१३च्या 'द डे ऑफ द डॉक्टर' या भागात मालिका या स्थितीची स्वतःच चिकित्सा करते. डॉक्टरची तीन रूपे लंडनच्या टॉवरमध्ये कोंडली जातात. दार लाकडी असल्याने ते कणाकणाने विरघळविण्याचे गणित एक रूप आपल्या साधनात सुरू करते. चारशे वर्षांनंतरच्या रूपाच्या साधनात त्याचे उत्तर तयार असते. तेवढ्यात क्लारा ही सहप्रवासी बाहेरून दार ढकलून आत येते, कारण दाराला कुलूप नव्हतेच. हा विनोद मार्मिक आहे. सामर्थ्य जवळ असले की परिस्थिती न्याहाळण्याची गरज भासेनाशी होते. पदार्थाने घातलेली मर्यादा गणिताने ओलांडता आली. दृष्टीची मर्यादा गणिताच्या आवाक्यात नव्हती.

याच भागात दुसरेही एक साधन आहे. 'द मोमेंट' हे सर्वसंहारक अस्त्र स्वतःची सदसद्विवेकबुद्धी असलेले आहे; वापरणाऱ्याला ते जाब विचारते. आपल्या ग्रहासह युद्धाचा अंत करायला निघालेल्या डॉक्टरला ते त्याच्या कृतीचे भविष्य दाखविते. मर्यादा प्रथम पदार्थात होती, सौप्तिकपर्वात ती कर्त्यात होती, येथे ती साधनातच रुजविली आहे. मात्र साधनाने विवेक बाळगावा ही अपेक्षा माणसाने आपला विवेक त्याच्याकडे सोपविण्याचेही एक रूप आहे. अस्त्राने प्रश्न विचारले नसते, तर ते कोणी विचारले असते?

त्या प्रश्नाला भाग पूर्ण उत्तर देत नाही. संहार टळतो खरा. पण तो टळतो पुन्हा एका शतकानुशतके चाललेल्या गणिताने, म्हणजे दाराच्याच युक्तीने. कथेने साधनाचा उपहास केला आणि अखेरीस त्याचाच आश्रय घेतला. ही विसंगती लेखनातील उणीव म्हणून बाजूला सारता येईल; परंतु तीत आधुनिक नीतिविचाराचा पेच नेमका उमटला आहे. साधनांवाचून संहार थांबविता येत नाही, आणि थांबविण्याचा निर्णय कोणतेही साधन घेऊन देत नाही. साधन हाती घेण्यापूर्वी दार ढकलून पाहण्याइतका जो अवकाश उरतो, कृतीचे नैतिक मूल्य ठरते ते तेवढ्याच अवकाशात.