नाव नवं, खातं जुनंच

एप्रिल २०१९मध्ये सोनीने प्लेस्टेशनच्या खेळाडूंना आपलं ऑनलाइन नाव बदलायची मुभा दिली. मागणी फार जुनी होती. बाराव्या वर्षी हौसेने घेतलेलं नाव तिशीतही वागवावं लागत होतं. पहिला बदल फुकट आणि पुढच्या प्रत्येक बदलाला पैसे, असं ठरलं. पण मुभेबरोबर एक इशाराही आला. १ एप्रिल २०१८नंतर निघालेले पीएस-४चे खेळ नवं नाव सांभाळून घेतील, त्याआधीच्या खेळांची मात्र हमी नाही. काही खेळांत आजवर गाठलेली मजल, पैसे देऊन घेतलेलं खेळातलं चलन, ट्रॉफीच्या दिशेने झालेली प्रगती, यातलं काहीही जाऊ शकतं. ‘लिटल बिग प्लॅनेट ३’सारखे खेळ तर मोठ्या धोक्याच्या यादीतच होते. यामागचं कारण समजून घेण्यासारखं आहे. जुन्या खेळांपैकी काहींनी खेळाडूच्या साऱ्या नोंदी त्याच्या नावाखाली ठेवल्या होत्या, कारण नाव कधी बदलेल असं तेव्हा कुणी धरलंच नव्हतं. नाव बदललं की त्या खेळापुरता तो माणूस अनोळखी होतो आणि त्याने केलेलं सगळं मालकावाचून पडून राहतं. ज्या खेळांनी नोंदी खात्याच्या न बदलणाऱ्या क्रमांकाखाली ठेवल्या, तिथे नाव हवं तितक्या वेळा बदला, खेळ तुम्हाला ओळखतो.

प्रोग्रामरच्या टेबलावर सुटलेला हा प्रश्न धर्मचिंतनात फार पूर्वीपासून उभा आहे. केलेलं कर्म कुणाला चिकटतं, नावाला की करणाऱ्याला? आणि नाव बदललं तर भोग बदलतो का? संयुक्त अरब अमिरातीत राहणाऱ्या मराठी घरांना हा प्रश्न दोन बाजूंनी भिडतो. एक बाजू मुलांची. जानेवारी २०२१मध्ये पबजी मोबाइलच्या जागतिक स्पर्धेची अंतिम फेरी दुबईच्या कोका-कोला अरीनात झाली. नोव्हेंबर २०२३मध्ये दुबईने गेमिंगसाठी २०३३पर्यंतचा कार्यक्रम जाहीर केला आणि त्यातून ३० हजार नवे रोजगार उभे करण्याचं उद्दिष्ट ठेवलं. दुबईच्या करामा भागातल्या किंवा शारजातल्या मुलाचं खेळातलं नाव म्हणजे पोरखेळ, असं म्हणून त्याकडे दुर्लक्ष करण्याचे दिवस गेले. दुसरी बाजू मोठ्यांची, कागदपत्रांची. तिच्याकडे पुढे येतो.

आधी लोकांची समजूत पाहू. सलग दहा सामने हरलेला मुलगा खेळातलं नाव बदलून देणारं ‘रिनेम कार्ड’ वापरून नवं नाव घेतो आणि ‘आता नशीब बदलेल’ म्हणतो. त्याचा काकाही अंकशास्त्र्याच्या सांगण्यावरून आपल्या इंग्रजी स्पेलिंगात एक ‘ए’ वाढवतो, तेव्हा श्रद्धा तीच असते. ही श्रद्धा तपासून पाहता येते. स्टीम या गेमिंगच्या मंचावर दिसणारं नाव कितीही वेळा बदला, मागचा १७ अंकी क्रमांक हलत नाही, आणि चीटिंगबद्दल लागलेली बंदी त्या खात्यावर तशीच राहते. व्हॅलोरंट या खेळात नाव बदललं तरी रँक आणि तुम्हाला कुणासमोर बसवायचं याचा हिशेब तोच राहतो. मागच्या सामन्यांचं बरंवाईट नव्या नावाने पुसलं जात नाही. सप्टेंबर २०२३मध्ये व्हॅल्व्ह कंपनीने आपल्या डोटा २ या खेळातली ९० हजार ‘स्मर्फ’ खाती बंद केली. आपली खरी पातळी लपवून नवशिक्यांना झोडपण्यासाठी काढलेली ही दुसऱ्या नावांची खाती होती. कंपनीने सांगितलं, की यातलं प्रत्येक खातं आम्ही मूळ खात्यापर्यंत माग काढत नेलं आहे आणि यापुढे शिक्षा मूळ खात्यालाही होऊ शकते. कर्मविपाक म्हणतात तो याहून फार वेगळा नाही.

महाराष्ट्रात लहानपणी सगळ्यांनी ऐकलेली वाल्याची लोककथा इथे नीट आठवावी. वाटमारी करणारा वाल्या बायको-मुलांना विचारतो, माझ्या पापात वाटेकरी व्हाल का? ते नाही म्हणतात. तिथून तो तपाला बसतो, अंगावर वारूळ चढतं आणि मग त्याला वाल्मीकी म्हणतात. कथेतला क्रम महत्त्वाचा आहे: तप आधी, नाव मागून. नारदाने वाटेत गाठून ‘आजपासून तू वाल्मीकी’ एवढंच सांगितलं असतं, तर त्याच संध्याकाळी पुढच्या वाटसरूला वाल्मीकी नावाच्या माणसाने लुटलं असतं.

यावर पहिला आक्षेप बौद्ध विचारातून येतो आणि तो वजनदार आहे. ‘मिलिंदप्रश्न’ या बौद्ध ग्रंथात भिक्षू नागसेन राजा मिलिंदाला सांगतो, की नागसेन हे केवळ व्यवहारापुरतं नाव आहे, त्याच्या तळाशी कुणी कायमचा ‘मी’ सापडत नाही. मग खात्याचा क्रमांक तरी काय? तेही एक नावच, फक्त अंकांत लिहिलेलं. खाली कर्ताच नसेल तर हिशेब चिकटवायचा कुणाला? राजानेही हीच अडचण काढली होती आणि नागसेनाने तिला आंब्याच्या चोराचा दृष्टान्त देऊन उत्तर दिलं. चोर म्हणतो, मालकाने लावले ते आंबे वेगळे आणि मी तोडले ते वेगळे. राजा त्याला सोडणार नाही, कारण तोडलेले आंबे लावलेल्या आंब्यांतूनच आले. जबाबदारी ठरायला तळाशी अचल आत्मा लागत नाही, एकातून दुसरं येत गेल्याची अखंड साखळी पुरते. खात्याचा क्रमांक म्हणजे त्या साखळीची खूण. त्याला आत्मा समजायची गरज नाही, आणि साखळी मध्येच तुटली असा बहाणाही त्यामुळे करता येत नाही. आत्मा मानणारा वेदान्ती आणि न मानणारा बौद्ध यांचं इतर कशावर पटो न पटो, नाव बदलून कर्म सुटत नाही यावर दोघांचं एकमत आहे, आणि मला ते फार मोलाचं वाटतं.

दुसरा आक्षेप अधिक जिवंत आहे: नाव काहीच करत नाही, हे खरं नाही. ज्या देशात ही मुलं वाढताहेत तिथल्या धर्मपरंपरेतच याचे दाखले आहेत. पैगंबरांनी वाईट अर्थाची नावं बदलल्याचे हदीस प्रसिद्ध आहेत. त्यांचे सहकारी उमर यांच्या मुलीचं ‘आसिया’, म्हणजे अवज्ञा करणारी, हे नाव त्यांनी ‘जमिला’ केलं. बुखारींच्या हदीस-संग्रहातला आणखी एक प्रसंग तर नेमका आक्षेप घेणाऱ्यांच्या बाजूचा आहे. हझ्न, म्हणजे खडबडीत, नावाच्या गृहस्थाला ‘सहल’, म्हणजे सोपा, हे नाव सुचवलं गेलं. वडिलांनी ठेवलेलं नाव मी बदलणार नाही, असं तो म्हणाला, आणि त्याच्या नातवाने पुढे सांगितलं, की तेव्हापासून तो खडबडीतपणा आमच्या घराण्यात राहिला. शिवाय कुराणाच्या सूरह अल-हुजुरातमध्ये एकमेकांना वाईट टोपणनावांनी हाक मारू नका अशी स्पष्ट आज्ञा आहे. आधुनिक प्रयोगही याच दिशेने बोट दाखवतात. २००७मध्ये यी आणि बेलन्सन यांनी दाखवलं, की आभासी जगात उंच रूप मिळालेले लोक वाटाघाटीत अधिक ठामपणे वागतात. तो प्रयोग रूपाचा होता, पण नाव आणि रूप आपल्याकडे जोडीनेच उच्चारले जातात ते उगाच नाही. ‘किलर’ नाव घेऊन उतरलेला मुलगा आणि स्वतःच्या नावाने उतरलेला मुलगा एकसारखा खेळेल, असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही.

हा आक्षेप मी मान्य करतो, पण त्याने मूळ म्हणणं मोडत नाही. नावाचा परिणाम पुढच्या दिशेने होतो. जमिला झालेल्या मुलीला लोक उद्यापासून वेगळी हाक मारतील आणि त्या हाकेने ती कदाचित वेगळी घडेल. कालचं मात्र नव्या हाकेने बदलत नाही. त्याच इस्लामी परंपरेत प्रत्येकाची कर्मं लिहिणारे दोन फरिश्ते आहेत आणि न्यायाच्या दिवशी ज्याची वही त्याच्याच हातात दिली जाते. भागवतातला अजामिळ मरताना मुलाला ‘नारायण’ म्हणून हाक मारतो आणि तरतो, हे उदाहरण कुणी पुढे करील. पण त्याने नाव घेतलं ते देवाचं, स्वतःचं नाव त्याने बदललं नाही. आणि कथेप्रमाणे यमदूतांच्या हातून सुटल्यावर तो गंगाद्वारी जाऊन उरलेलं आयुष्य भक्तीत घालवतो. कीर्तनात रंगवून सांगताना हा भाग बऱ्याचदा गाळला जातो, याचं मला वाईट वाटतं.

मग नाव बदलूच देऊ नये का? लिचेससारखी बुद्धिबळाची साइट ते बदलू देत नाही. सगळ्यांनी खऱ्या नावानेच वावरावं, म्हणजे वागणूक सुधारेल, असंही सुचवलं जातं. जुलै २०१०मध्ये ब्लिझर्ड या गेम कंपनीने आपल्या खेळाडूंच्या चर्चांत खरी नावं दाखवायचं जाहीर केलं आणि इतका गदारोळ झाला, की तीन दिवसांत निर्णय मागे घ्यावा लागला. खेळाडूंचं म्हणणं बरोबर होतं. नाव दिसलं की मुलगी आहे, कुठल्या देशाची आहे, कुठल्या धर्माची आहे हे दिसतं, आणि त्रास द्यायला तेवढं पुरतं. आपल्याला तर हे जास्त कळायला हवं. मराठी आडनावातून जात ओळखली जाते, आणि कित्येक कुटुंबांनी आडनाव बदललं ते कसलंही कर्म लपवायला नव्हे, तर जन्मावर मारलेला शिक्का पुसायला. २७ जुलै १९७८ला मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव देण्याचा ठराव विधिमंडळात झाला, आणि ते नाव प्रत्यक्ष लागायला १४ जानेवारी १९९४ उजाडलं. मधल्या वर्षांत घरं जाळली गेली, माणसं मेली. ‘नावात काय आहे’ असं सहज म्हणणाऱ्याने तो काळ आठवावा. दुसऱ्याने लादलेल्या ओळखीतून सुटण्याचा हक्क खेळातही हवा आणि बाहेरही. अमिरातीच्या २०२१च्या सायबर गुन्हेविषयक कायद्यातही गुन्हा ठरतो तो खोटं खातं काढून ते दुसऱ्या कुणाच्या नावावर खपवणं. स्वतःसाठी टोपणनाव घेणं आणि दुसऱ्याचा मुखवटा चढवणं यांतला हा फरक धर्माच्या दृष्टीनेही योग्य आहे.

आता मोठ्यांची बाजू. अमिरातीत राहणाऱ्या प्रत्येकाच्या खिशात एमिरेट्स आयडी असतं. त्यावर १५ अंकी क्रमांक असतो: पहिले तीन अंक ७८४, म्हणजे देशाचा संकेतांक, पुढचे चार जन्माच्या वर्षाचे, मग त्या माणसापुरते. पासपोर्टवरचं नाव बदललं तर कार्डावरचं नाव बदलून घ्यावं लागतं, क्रमांक तोच राहतो. नोव्हेंबर २०२२मध्ये मात्र नावाचंच घोडं अडलं. पासपोर्टवर एकच नाव असलेल्यांना व्हिजिट व्हिसावर प्रवेश नाही, असा नियम आला, आणि मग पासपोर्टच्या दुसऱ्या पानावर वडिलांचं किंवा कुटुंबाचं नाव असेल तर चालेल असा खुलासा झाला. माणूस तोच, त्याचं आयुष्य तेच, पण कागदाला त्याचं नाव पुरेसं वाटेना.

याहून खोल जखम लग्नातल्या नामांतराची आहे. ताटात तांदूळ पसरतात, नवरा सोन्याच्या अंगठीने त्यात नवं नाव लिहितो, पेढे वाटले जातात. पूर्वी तर पाळण्यातलं नावही जात असे. आजही अनेक घरांत वडिलांच्या नावाच्या जागी नवऱ्याचं नाव येतं आणि आडनाव बदलतं. तीच मुलगी पुढे नवऱ्याबरोबर दुबईला येते आणि नोकरी शोधते. शिक्षणावर आधारलेल्या नोकरीसाठी पदवीचं प्रमाणपत्र साक्षांकित करून घ्यावं लागतं: आधी राज्यात, मग भारताच्या परराष्ट्र मंत्रालयाकडून, मग अमिरातीच्या दूतावासाकडून, आणि शेवटी इथल्या परराष्ट्र मंत्रालयाकडून. प्रमाणपत्रावर माहेरचं नाव, पासपोर्टवर सासरचं. पदवी तिने मिळवली, रात्री जागून तिने अभ्यास केला, पण ते केलेलं आता दुसऱ्याच कुणाच्या नावाखाली पडून आहे. ती दुसरी मीच, हे सिद्ध करायला लग्नाचा दाखला, राजपत्रातली जाहिरात, प्रतिज्ञापत्र अशी धावपळ होते. जुन्या खेळांत प्लेस्टेशनच्या खेळाडूची कमाई अशीच जाऊ शकत होती. तिथे निदान फुकटात जुन्या नावावर परत जाता येत होतं.

चुकणारा नावाआड लपतो तेव्हा अन्याय होतो, आणि कष्ट केलेल्या माणसाला नाव बदलल्यामुळे आपल्याच कष्टांपासून तोडलं जातं तेव्हाही होतो. दोन्हीचं मूळ एकच: नोंद नावाखाली ठेवली, करणाऱ्याखाली नाही. कर्मसिद्धान्ताचा अर्थ मी असा घेतो, की पाप असो वा पुण्य, ते करणाऱ्याकडेच राहिलं पाहिजे आणि नावाच्या फेरफाराने त्याला ना सुटता यावं, ना लुटलं जावं. हा सिद्धान्त पूर्वजन्माचं खापर फोडून लोकांना खाली ठेवायला फार वापरला गेला. ‘ज्याचं त्याला’ हे त्याचं साधं रूप मात्र आजही माणसाच्या बाजूने उभं करता येतं.

म्हणून आईवडिलांना सांगणं एवढंच आहे. मुलाला खेळातलं नाव बदलायचं असेल तर बदलू द्या, त्याआधी त्या खेळात त्याने मिळवलेलं टिकेल का ते त्याच्याबरोबर बसून पाहा, आणि त्याच्यावर बंदी आली असेल तर नवं खातं काढून देऊ नका. घरात मुलीचं लग्न ठरलं असेल तर तांदळाचं ताट जरूर मांडा, पण त्यात तेच नाव लिहा जे तिच्या पदवीवर आहे, आणि पासपोर्टवरही तेच राहू द्या.