हरकत नाही

आपण मराठी माणसे दिवसातून किती वेळा ‘हरकत नाही’ म्हणतो, याचा कोणी हिशेब ठेवला तर मोठी मौज होईल. चहात साखर कमी पडली, हरकत नाही; पाहुणे न कळवता आले, हरकत नाही. या दोन शब्दांवर आपला अर्धा संसार सुखाने चालतो. पण हेच दोन शब्द गेल्या वर्षी मी एका कागदावर सही करून दिले, आणि तेव्हापासून ते मला टोचत आहेत.

कोकणातल्या आमच्या जमिनीला लागून एका शेजाऱ्याचा कातळ आहे. तिथे चिरेखाण काढावी म्हणून त्याचा मुलगा परवान्याच्या खटपटीत होता. एका संध्याकाळी तो आला, वाकून नमस्कार केला आणि म्हणाला, “काका, शेजाऱ्यांच्या सह्या जोडलेल्या बऱ्या. तुमची काही हरकत नाही ना?” त्याच्या आजोबांनी एका अडचणीच्या साली आमच्या घरी भात पोचवले होते. मी चष्माही न लावता सही केली.

पलीकडच्या काकींनी मात्र सही दिली नाही. त्यांची विहीर नियोजित खाणीपासून हाकेच्या अंतरावर. वाडीने त्यांना हट्टी ठरवले. प्रकरण दिवाणी न्यायालयात गेले. निकाल अजून व्हायचा आहे. तिथे काकींच्या विरुद्ध पुढे करण्यात आली ती माझी सही. या शेजाऱ्याला हरकत नाही, मग यांनाच का?

तेव्हा कुठे मी कायद्याची पुस्तके उघडली. बांधकामाचा दगड, वाळू अशा गौण खनिजांचे नियम करण्याचा अधिकार १९५७ च्या खाण कायद्याने राज्यांना दिला आहे. पाच हेक्टरांहून लहान खाणींनाही पर्यावरणाची मंजुरी हवी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली सांगितले. कारण लहान लहान खड्डेच मिळून मोठी हानी करतात. पण मला खिळवून ठेवले ते १८८२ च्या सुविधाधिकार कायद्यातल्या एका साध्या तत्त्वाने. जमीन नैसर्गिक स्थितीत असेल, तर तिला शेजारच्या जमिनीचा आधार मिळण्याचा हक्क आहे. म्हणजे माझी माती केवळ स्वतःच्या बळावर उभी नाही. ती शेजाऱ्याच्या मातीला टेकून उभी आहे. गडगा घातला आहे तो वर. खाली जमीन एकच.

माझे घर जांभ्याच्या चिऱ्यांचे आहे. ते चिरे कुठल्या तरी खाणीतूनच निघाले. तेव्हा खाण काढणे हेच पाप, असे मी कोणत्या तोंडाने म्हणू? त्या मुलालाही पोट आहे. माझा प्रश्न खाणीचा नाही, होकाराचा आहे. नाही म्हणण्याची मोकळीक असताना, परिणाम ओळखून दिलेला होकार म्हणजे संमती. माझ्या होकारात यातले काय होते? मी राहतो शहरात. माझी जमीन चढावर, तिथे विहीर नाही. ज्याचे काही जायचे नाही, त्याची संमती फार स्वस्त असते. खरे म्हणजे वडिलांचे भाताचे ऋण मी काकींच्या विहिरीतून फेडले. माझ्या भिडेला मी शेजारधर्म समजलो, आणि त्यांच्या नकाराला हट्ट.

जांभा जमिनीत असतो तोवर मऊ असतो. कापून उघड्यावर ठेवला की कठीण होतो. दिलेल्या शब्दाचेही तसेच. दिवस जातील तसा तो मागे घेणे जड होते.

या दिवाळीत गावी जाणार आहे. सही मागे घेतो, हे प्रथम त्या मुलाला त्याच्या ओटीवर बसून सांगेन. कचेरीतला अर्ज मागाहून. तो दुखावेल, आणि त्याचे दुखावणे मला सोसले पाहिजे. मग काकींकडे जाईन. त्या काय म्हणतील ठाऊक नाही. ‘हरकत नाही’ म्हणाल्याच, तर ते भिडेपोटी नसावे, एवढीच इच्छा आहे.