पावतीचं पाणी

रंगपंचमीच्या त्या व्हिडिओबद्दल नव्याने काय सांगायचं? तालुक्यात फोन असलेल्या प्रत्येकाने तो पाहिलाय. लॉन्सवरचा रेन डान्स, मागे डीजे (त्याच्याबद्दलचं माझं मत वाचकांना पाठ आहे) आणि ‘अहो, हे काय चाललंय?’ म्हणून विचारायला गेलेल्या वयस्कर गृहस्थांना मिळालेलं उत्तर: ‘काका, उगाच व्हिलन होऊ नका.’

बरं, व्हिलन तर व्हिलन. आपल्या जिल्ह्याने हिंदी सिनेमाला दिलेल्या सर्वांत मोठ्या व्हिलनने नेमका हाच प्रश्न विचारला होता. मार्च 2013, राज्यात दुष्काळ, आणि वर्सोव्यात होळीचा रेन डान्स. सदाशिव अमरापूरकर तिथे गेले, पाणी वाया घालवू नका म्हणाले आणि धक्काबुक्की सोसून परतले. पडद्यावर नायकाचा मार खाल्ल्याबद्दल या माणसाला निदान मानधन तरी मिळायचं.

मूळ नाव गणेशकुमार नरवडे, जन्म 1950, नगरचे. ‘हँड्स अप’ नाटकातलं काम पाहून गोविंद निहलानींनी त्यांना ‘अर्धसत्य’मध्ये (1983) रामा शेट्टी दिला. प्रसंग मोजके, आवाज कुठे चढलेला नाही, तरी समोरचा इन्स्पेक्टर घामाघूम. सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं. पुढे ‘सडक’मधली (1991) महाराणी आली आणि नकारात्मक भूमिकेसाठी फिल्मफेअरने नव्याने सुरू केलेलं पारितोषिक पहिल्यांदा यांच्याच हाती पडलं. पण त्या सगळ्याच्या आधी याच माणसाने ‘22 जून 1897’मध्ये टिळक केले होते, आणि नंतर दूरदर्शनच्या ‘भारत एक खोज’मध्ये महात्मा फुले. टिळक आणि फुले एकाच अंगात मावणं महाराष्ट्रात फक्त नटालाच जमतं. मराठीत ‘दोघी’, ‘वास्तुपुरुष’ अशी समंजस कामंही आहेत, पण चौकात विचाराल तर आठवते ती महाराणी. एरवी हेच गृहस्थ डॉ. लागू, निळू फुले यांच्यासोबत सामाजिक कृतज्ञता निधीसाठी ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग करत गावोगाव हिंडत होते.

आता आपल्या लॉन्सवरच्या मंडळींच्या सबबी. ‘वर्षातून एकदाच’ आणि ‘पुण्या-मुंबईत चालतं की’ या सोडून देऊ, त्या दरवर्षीच्याच आहेत. मला आवडली ती तिसरी: ‘टँकर विकत घेतलाय, आमच्याकडे पावती आहे.’ वा! म्हणजे दारणा-गंगापूरचं पाणी सोडणार कधी, नांदूर मधमेश्वरहून कालव्याने आवर्तन येणार कधी, साठवण तलाव भरणार कधी, नळ सुटणार कधी, यासाठी आपण उगाचच जीव टांगून बसतो. सरळ पावती फाडावी. टँकर कुणाच्या तरी विहिरीतून नाहीतर बोअरमधून भरतो, हे पावतीवर छापलेलं नसतं. खालचा झरा पावती पाहून वर येत नाही, आणि शेजारच्या बांधावरचा बोअर कोरडा पडला तर त्या शेतकऱ्याने ती पावती पंपाला चिकटवावी की काय? उद्या कुणी गव्हाची पोती रोख पैसे मोजून आणली आणि शिवाजी रोडवर ओतून त्यावर नाचला, तर त्याचीही पावती असेलच की! तेव्हा मात्र आपण अन्नाचा अपमान म्हणून धावून जाऊ. पाण्याला तेवढा मान कुठे? शिवाय याच मंडळींचे ‘पाणी वाचवा’चे फ्लेक्स गॉगलसकट चौकात अजून लटकताहेत. फ्लेक्सचा विषय मी या महिन्यात काढणार नव्हतो, पण ते ऐकत नाहीत.

पैसे मोजल्याने वस्तू आपली होते, ती नासवायचा हक्क आपला होत नाही, असं मी लिहिणार होतो. पण ज्या गावात जार विकत घेऊन तहान भागवायची सवय पडली, तिथे हे कोण ऐकणार? मीही जारच आणतो.

अमरापूरकर 3 नोव्हेंबर 2014 ला गेले, अंत्यसंस्कार नगरलाच झाले. त्यांचा रामा शेट्टी काळा धंदा करायचा, आणि आपण काय करतो आहोत हे त्याला पक्कं ठाऊक होतं. पावती दाखवणाऱ्यांना मी त्याच्या पंक्तीला बसवणार नाही. तेवढी त्यांची लायकी नाही.