मंगळसूत्रातलं गुंजभर सोनं

कोकणातल्या पालीसारख्या आपल्या गावात लग्न ठरलं की सोनाराकडची फेरी आधी ठरते. आईची पाटली लेकीला जाते आणि तिच्याबरोबर माया जाते. पण हे सोनं मुळात येतं कुठून?

कर्नाटकातलं कोलार आठवा. तिथल्या खाणी तीन किलोमीटरहून खोल गेल्या होत्या. भयंकर उकाडा, अचानक फुटणारे खडक, छातीत साचणारी दगडाची धूळ. टनभर दगड फोडावा, दळावा, सायनाइडने धुवावा, तेव्हा हाती यायचं काही ग्रॅम सोनं. 28 फेब्रुवारी 2001 रोजी त्या खाणी बंद झाल्या. हजारोंची रोजीरोटी गेली. सायनाइडने धुतलेल्या मातीच्या टेकड्या मात्र आजही उभ्या आहेत. वारा सुटला की ती धूळ वस्तीत शिरते.

चिरेखाणीने पोखरलेला सडा आपण कोकणात रोज पाहतो. जमिनीची जखम काय असते, हे आपल्याला कोणी सांगायला नको.

म्हणून आज एवढंच मनात धरूया: घरातलं जुनं सोनं मोडून नवं घडवलं, तर तेवढ्यापुरता नवा डोंगर फुटत नाही. आजीची पाटली नातीच्या हातात नव्या रूपात लखलखावी, याहून शुद्ध सोनं कुठलं?