न मिळालेल्या पदवीचं काय करायचं?

गेल्या गणपतीत गिरगावच्या घरी आत्याशी माझं भांडण झालं. बुद्धिबळावरून. सुरुवात मीच केली.

त्याआधी महिनाभर, २८ जुलै २०२५ ला, नागपूरची दिव्या देशमुख जॉर्जियातल्या बाटुमीला महिलांचा वर्ल्ड कप जिंकली होती. फायनलमध्ये तिने कोनेरू हंपीला हरवलं. तिथे गेली तेव्हा तिच्याकडे ग्रँडमास्टर पदवीचा एकही नॉर्म नव्हता; स्पर्धा जिंकली म्हणून पदवी थेट मिळाली. वय १९, भारताची ८८ वी ग्रँडमास्टर. मी आत्याला मोबाइलवर त्याचा व्हिडिओ दाखवला आणि मोठ्या मनाने म्हणालो, "आत्या, तुला संधी मिळाली असती ना, तर तूपण झाली असतीस."

ती खोबरं खवत होती. हात न थांबवता म्हणाली, "तुला काय माहीत? पहिल्याच फेरीत हरलेही असते."

मला राग आला. मी तिच्या बाजूने बोलत होतो ना! आत्या चाळीच्या गॅलरीत सगळ्यांना हरवायची, शाळेकडून स्पर्धा खेळायची. दहावीच्या वर्षी परगावच्या स्पर्धेला जायचं होतं, तेव्हा आजोबा म्हणाले, मुलगी एकटी कुठे पाठवायची. विषय संपला. हे आमच्या घरात इतक्या वेळा सांगितलं गेलंय की आता ते सत्यनारायणाच्या कथेसारखं झालंय, आणि शेवटी प्रसाद म्हणून एक वाक्य येतं: संधी मिळाली असती तर.

गंमत म्हणजे त्याच काळात, आमच्या चाळीपासून चालत दहा मिनिटांवर, खाडिलकर रोडवर ज्यांचा 'नवाकाळ' निघायचा त्या नीळकंठ खाडिलकरांच्या तीन मुली देशाचं बुद्धिबळ गाजवत होत्या. १९७४ ला महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, ती वासंतीने जिंकली. जयश्री १९७९ मध्ये भारताची पहिली महिला इंटरनॅशनल मास्टर झाली. आणि सगळ्यात धाकटी रोहिणी १९७६ मध्ये, तेराव्या वर्षी, थेट पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. मुलगी पुरुषांत कशी खेळणार यावर गदारोळ झाला. शेवटी जागतिक संघटनेचे अध्यक्ष माक्स युवे, जे स्वतः माजी विश्वविजेते होते, त्यांनी निर्णय दिला की स्त्रियांना अशा स्पर्धांतून अडवता येणार नाही. १९८१ मध्ये रोहिणी आशियाई विजेती झाली. पुढे ती पत्रकारितेत गेली, 'संध्याकाळ'ची संपादक झाली.

ती ग्रँडमास्टर झाली नाही. आजच्या कुठल्याही 'टॉप टेन' रीलमध्ये ती सापडणार नाही, कारण ती यादी पदवी आणि रेटिंगने लागते.

पण पदवी मिळते कशी ते बघा. साधारण तीन नॉर्म लागतात आणि २५०० रेटिंग. नॉर्म म्हणजे एखाद्या मोठ्या स्पर्धेत ठरावीक दर्जाची कामगिरी, आणि तीही समोर पुरेसे ग्रँडमास्टर आणि परदेशी खेळाडू असताना. १९७६ मध्ये भारतात एकही ग्रँडमास्टर नव्हता. पहिला, विश्वनाथन आनंद, १९८८ मध्ये झाला. म्हणजे ज्यांच्याशी खेळून शिडी चढायची ती माणसंच देशात नव्हती. मुंबईचे प्रवीण ठिपसे राष्ट्रीय स्पर्धा अनेकदा जिंकूनसुद्धा ग्रँडमास्टर झाले ते १९९७ मध्ये, वयाच्या चाळिशीजवळ. भारताचे तिसरे. आज जगात सगळ्यात कमी वयात ही पदवी मिळवण्याचा विक्रम बारा वर्षांच्या मुलाच्या नावावर आहे. या दोघांना एकाच रकान्यात ठेवून वयाची तुलना करणं मला अप्रामाणिक वाटतं.

आमच्या कामात यासाठी एक साधा नियम आहे. डेटाबेसमध्ये शून्य वेगळं आणि 'नल्' वेगळं. शून्य म्हणजे मोजलं आणि काही निघालं नाही. नल् म्हणजे मोजलंच नाही. नल्ला शून्य समजून बेरीज करणारा कोड मी स्वतः लिहिलाय आणि त्याचे परिणाम शनिवारी रात्री जागून भोगलेत. सत्तरच्या दशकातल्या मुलींच्या नावापुढे आपण जे शून्य वाचतो ते बऱ्याचदा नल् असतं.

हे सगळं मी आत्याला ऐकवलं. मला वाटलं, जिंकलो.

ती म्हणाली, "मग तू त्या रिकाम्या जागेत ग्रँडमास्टर कशाला भरतोस?"

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. कारण नल्च्या जागी आपल्याला बरी वाटणारी किंमत भरणं हाही बगच आहे, आणि तो जास्त वाईट, कारण तो दिसत नाही. मी मीर सुलतान खानचं उदाहरण काढलं. त्याने ब्रिटिश स्पर्धा तीनदा जिंकली, कापाब्लांकाला हरवलं. १९५० मध्ये जागतिक संघटनेने पहिले ग्रँडमास्टर जाहीर केले. त्यांत खेळ केव्हाच थांबवलेले जुने खेळाडूही होते, पण त्याचं नाव नव्हतं. तो १९६६ मध्ये गेला. मानद पदवी मिळाली २०२४ मध्ये. बघ, मी म्हणालो, उशिरा का होईना भरतात.

पण बोलता बोलताच कळलं की उदाहरण तिच्या बाजूचं आहे. सुलतान खानला 'झाला असता' म्हणून काही दिलं नाही. त्याचे डाव नोंदलेले होते, कुणी नीट वाचले नव्हते. रोहिणी खाडिलकरचंही तसंच. तेराव्या वर्षी दार उघडलं ही झालेली गोष्ट आहे. तिला काल्पनिक पदवीची गरज नाही. उलट ती पदवी देऊन आपण खरी गोष्ट झाकतो: "बिचारी, ग्रँडमास्टर झाली असती."

आणि आत्याचं? तिच्या वाट्याला अन्याय झाला, हे झालेलं आहे. ती किती मोठी खेळाडू झाली असती, हे नाही. अन्याय सिद्ध करायला ती प्रतिभावान असण्याची अट घालायची गरजच काय? मध्यम खेळणाऱ्या मुलीलाही परगावी जाऊन हरायचा हक्क होता. मला हे इतकं उशिरा सुचावं याची लाज वाटली.

"हे तू माझं नाही बोलत आहेस," आत्या म्हणाली. "तू तुझं बोलतोयस."

खरं होतं. मीपण बारावीपर्यंत खेळायचो. प्रवेश परीक्षेसाठी सोडलं, आणि दहा वर्षं लोकांना सांगतोय की अभ्यास नसता तर कुठेतरी पोचलो असतो. पण माझ्या रकान्यात नल् नाहीये. मला क्लास होता, स्पर्धा होत्या, दादरपर्यंत सोडायला बाबा यायचे. शेवटच्या स्पर्धेत नऊपैकी साडेतीन गुण मिळाले. ते मोजलेले आहेत.

आत्याच्या गोष्टीशेजारी माझी ठेवली की माझीही तिच्यासारखी दिसायची, म्हणून मला ती इतकी आवडायची.

संध्याकाळी आम्ही जुना पट काढला. एक वजीर हरवलाय, त्याच्या जागी औषधाच्या बाटलीचं झाकण. पहिला डाव मी घेतला, दुसरा तिने. तिसऱ्यात माझा घोडा अडकला होता आणि तेवढ्यात खालून आरतीच्या हाका यायला लागल्या.