जासईचे स्मारक आणि आपण



नवी मुंबईसाठी सरकारने जमिनी घेतल्या, तेव्हा रास्त मोबदल्यासाठी उरणचा शेतकरी जासईचे सुपुत्र दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली उभा राहिला. १६ व १७ जानेवारी १९८४ रोजी पोलिसांच्या गोळीबारात पाच शेतकरी हुतात्मे झाले. पुढे साडेबारा टक्के विकसित जमीन मिळाली, ती या बलिदानातून. जासईचे स्मारक त्याची साक्ष आहे.

तुम्ही म्हणाल, "आमच्या नावावर गुंठाभर जमीन नव्हती, आमचा या स्मारकाशी काय संबंध?" प्रश्न खोटा नाही. भूमिहीनाचे दुःख सातबाऱ्यावर लिहिलेले नसते. पण याच जिल्ह्यात १९३३ साली चरीच्या कुळांनी संप पुकारला, तेव्हा बाबासाहेबांनी त्यांची जात पाहिली नाही. १९३७ साली खोती नष्ट करण्याचे विधेयक त्यांनीच विधिमंडळात मांडले. करुणेला जातीची हद्द नसते.

मात्र स्मारकापुढे नारळ फोडू नका, नवस बोलू नका. महापरिनिब्बाणापूर्वी तथागतांनी आनंदाला सांगितले की, फुले वाहणारा नव्हे, तर धम्माप्रमाणे वागणारा माझा खरा सन्मान करतो. चौरस्त्यावर स्तूप बांधण्यास त्यांनी संमती दिली, ती पाहणाऱ्याचे चित्त प्रसन्न व्हावे म्हणून. काही मागण्यासाठी नव्हे.

येत्या १६ जानेवारीला मुलांना घेऊन जासईला जा. दोन मिनिटे स्तब्ध उभे राहा. परतताना त्यांना विचारा, ज्याच्या नावावर सातबारा नाही, त्याच्यासाठी कोण उभे राहणार? उत्तर आपल्या आचरणातून द्या.

जय भीम!